मोतद्दाराची खूण

नववी घोडी परत गेली तेव्हा शेडमध्ये पाच माणसं एकमेकांची नजर चुकवत उभी होती. फार्मचे घोडे सांभाळणाऱ्या, सगळे ज्याला पहिलवान म्हणत त्या गड्यानं घोडीच्या शेपटीची पट्टी सोडली, मागच्या खुरांवर चढवलेले जाड कापडी बूट काढले, नाकाला लावलेली दोरी सैल केली. जिच्यासाठी सकाळपासून एवढा थाट मांडला होता, ती आली तशी ट्रककडे चालू लागली. बादल्या कोपऱ्यात मान खाली घालून उभा होता. त्याची दोरी त्याची देखभाल करणाऱ्या मोतद्दाराच्या हातात होती आणि मोतद्दार त्याच्या मानेवरून हात फिरवत म्हणत होता, “असू दे रे. होईल.”

होत मात्र काही नव्हतं. आणि बादल्या म्हणजे कुणी ऐरागैरा घोडा नव्हे. कागदावर त्याचं नाव अर्धं आजोबांचं, अर्धं आजीचं, असं लांबलचक होतं आणि ते उच्चारताना शर्यतीचा निवेदकसुद्धा अडखळायचा. तबेल्यात त्याला सगळे बादल्या म्हणत, कारण दाणा संपला की तो रिकामी बादली दातात धरायचा आणि कुणीतरी येईपर्यंत दारावर आपटत बसायचा. अकरा शर्यती जिंकून, पाय मोडून घेऊन, तो या पैदाशीच्या फार्मवर आला होता. इथे त्याच्याकडून एकच अपेक्षा होती, आणि ती अशी की जगातल्या कुठल्याही घोड्याला ती शिकवावी लागत नाही.

या जातीच्या घोड्यांचा एक नियम आहे. नळी, बाटली, सुई असलं काही चालत नाही. तसं केलं तर शिंगराची नोंदच होत नाही आणि नोंद नाही म्हणजे शर्यत नाही. नर आणि मादी एका छपराखाली यायला हवीत, तेही चार साक्षीदारांसमोर. माणसांच्या लग्नात इतकी चौकशी होत नाही. एकानं घोडीचं डोकं धरायचं, एकानं तिचा पुढचा पाय उचलून धरायचा, एकानं शेपटी बाजूला करायची, डॉक्टरनं घड्याळ घेऊन उभं राहायचं. आणि नराची दोरी धरायची त्याच्या माणसानं. बादल्याचा माणूस म्हणजे मोतद्दार. तो जवळ नसला तर बादल्या दाण्याला तोंड लावत नसे, म्हणून मालकानं घोड्याबरोबर त्यालाही इकडे पाठवून दिलं होतं. बिऱ्हाडासकट.

नऊही वेळा एकच प्रकार झाला. घोडी दिसली की बादल्याचे कान ताठ व्हायचे, नाकपुड्या फुलायच्या, अंगावर शिरशिरी उठायची. तो खिंकाळायला तोंड उघडायचा. आणि मग ती खिंकाळी घशातच अडकायची. तो मान वळवून मोतद्दाराकडे बघायचा, कान पाडायचा आणि दोन पावलं मागे सरकायचा. त्यापुढे कुणी काहीही केलं तरी तो जागचा हलत नसे.

“घोडा ठणठणीत आहे,” डॉक्टर म्हणाला होता. “शरीरात काही कमी नाही. जे आहे ते डोक्यात आहे, आणि डोक्याचं औषध माझ्या पेटीत नाही.”

पहिलवानाला मात्र त्यात भलतंच काही दिसायचं. त्यानं जन्मभर नर घोडे सांभाळले होते, एका घोड्यानं त्याची दोन बोटंही खाल्ली होती, पण मनानं तो लोण्यासारखा होता. “तुमच्यावर फार जीव आहे त्याचा, काका,” तो म्हणायचा. “बघा ना, आधी तुमच्याकडे बघतो.” हे ऐकलं की मोतद्दाराच्या अंगावर मूठभर मांस चढायचं. लाज वाटायची, पण चढायचं खरं.

त्या दिवशी संध्याकाळी मॅनेजरबाईंनी त्याला ऑफिसात बोलावलं. बाई तोंडाच्या फटकळ, पण माणूस म्हणून सरळ. भिंतीवर घोड्यांचे फोटो, टेबलावर लगामाची तुटकी कडी कागदांवर वजन म्हणून ठेवलेली. त्यांनी त्याला बसायला सांगितलं. असं त्या एरवी सांगत नसत.

“काका, हंगाम संपायला तीन आठवडे आहेत,” बाई म्हणाल्या. “तोवर एकही घोडी फळली नाही तर मालक विम्याचा कागद पुढे करणार. त्यांनी मला आजच कळवलंय.”

“मग?”

“मग मालकांना भरपाई मिळते आणि घोडा कंपनीचा होतो.”

“कंपनी काय करते त्याचं?”

“कंपनी काय लोणचं घालणार आहे घोड्याचं?” बाई म्हणाल्या आणि लगेच त्यांना आपल्याच बोलण्याचं वाईट वाटलं असावं, कारण त्यांनी आवाज उतरवला. “त्याच्या पायात स्क्रू आहेत. खोगीर चढवता येत नाही, गाडीला जुंपता येत नाही. एक सुई देतात. आणखी तीन-चार घोड्या मी कशाबशा मिळवीन. लोक आता नाव ऐकून हसायला लागलेत. तुम्हाला काही सुचत असेल तर सांगा. तुमच्याइतकं त्याला कुणी ओळखत नाही.”

मोतद्दारानं मान हलवली. उठताना तो सवयीनं खाकरला. दोनदा, कोरडं.

त्या खाकरण्याची गोष्ट सांगायला थोडं मागे जायला हवं.

शर्यतीच्या तबेल्यात तरुण घोडा आला की दोन वर्षांचा होता होताच त्याचं लक्ष धावण्याकडून घोडीकडे वळायला लागतं. सकाळच्या रपेटीला शेजारून एखादी घोडी गेली की संपलं: घोडा दोन पायांवर, जॉकी जमिनीवर, आणि प्रशिक्षक शिव्यांवर. तिथल्या प्रशिक्षकाचं एकच म्हणणं होतं. “घोडीकडे बघितलं की शर्यत गेली. तेवढं काढा त्याच्या डोक्यातून, बाकी मी बघतो.” ते काढायचं काम मोतद्दारांचं. प्रत्येकाची खूण वेगळी असायची. कुणी शीळ घालायचा, कुणी साखळीला हिसका द्यायचा. आपल्या मोतद्दाराचा घसा जन्मभराच्या गवताच्या धुळीनं खरखरीत झालेला. तो हातातल्या आखूड छडीनं गुडघ्यावर एक टोला द्यायचा आणि दोनदा खाकरायचा. टोला, खाकरणं. टोला, खाकरणं. महिनाभरात छडी लागेनाशी झाली. नुसता खाकरला की बादल्या पुतळ्यासारखा थांबायचा, कान पाडायचा, आणि त्याच्याकडे बघायचा.

त्यात दुष्टपणा होता असं मोतद्दाराला तेव्हा वाटलं नाही, आणि खरं सांगायचं तर मलाही शपथेवर सांगता येणार नाही. तो त्या घोड्याच्या पुढ्यात झोपायचा. त्याचे पाय थंड पाण्यानं तासन्‌तास भिजवायचा, त्याला पोटशूळ उठला तर रात्रभर त्याला चालवायचा. स्वतःच्या लेकीचा ताप त्यानं बायकोवर सोपवला असेल, पण बादल्याचा कधी नाही.

आणि त्या खुणेनं बादल्याला नाव मिळवून दिलं. हंगामातली सर्वांत मोठी शर्यत होती, मैदान खच्चून भरलेलं. रिंगणात फिरणाऱ्या घोड्यांत एक करडी घोडी नेमकी त्याच दिवशी माजावर आलेली. तिच्या वासानं सगळं रिंगण उधळलं. एकानं जॉकी पाडला, दुसरा घामानं निथळायला लागला, तिसऱ्यानं कठड्याला लाथ घातली. शर्यत सुरू व्हायच्या आधीच निम्म्या घोड्यांची ताकद संपली होती. बादल्या तिच्या बरोब्बर मागून चालत होता. त्याच्या अंगावर शिरशिरी आली, मान उंच झाली. मोतद्दार दोनदा खाकरला. मान खाली आली. बादल्या गाईसारखा चालत राहिला आणि नंतर ती शर्यत चार घोड्यांच्या अंतरानं जिंकला. प्रशिक्षकानं सगळ्यांसमोर मोतद्दाराच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाला, “ही शर्यत घोड्यानं नाही, यानं जिंकलीय.” मोतद्दाराच्या आयुष्यात त्याच्याविषयी कुणी असं बोललं नव्हतं. त्या क्षणाचा फोटो त्यानं फ्रेम करून लावला होता. फ्रेममध्ये बादल्याची मान, त्याचा स्वतःचा अर्धा चेहरा आणि प्रशिक्षकाचा हात.

पुढे वयाच्या पाचव्या वर्षी, बाराव्या शर्यतीत, वळणावर मागच्या डाव्या पायाचं घोट्याजवळचं हाड गेलं. चार स्क्रू घालून ते जोडलं. डॉक्टर म्हणाले, चालेल, फिरेल, पैदाशीचं कामही करेल, फक्त घसरू देऊ नका.

तर असा तो पाय, आणि अशी ती खूण. पण फार्मवर आल्यापासून मोतद्दार खूण करायचा थांबला होता, असं त्याला वाटत होतं. इथे आता तिचं काम उरलं नव्हतं. त्याला एवढंच माहीत नव्हतं की काळजी वाटली की आपण अजून तसंच खाकरतो. घसा त्याचा होता, पण त्याचा आवाज दुसरेच ऐकत होते.

हे त्याला कळलं ते आठवडाभरानं, घरी. घर म्हणजे चाऱ्याच्या गोदामामागच्या दोन खोल्या. लेक चार दिवस राहायला आली होती. ती दुसऱ्या गावात शाळेत शिकवायची. वर्षातून एकदा यायची. मोतद्दार दुपारी जेवायला आला तेव्हा आतून मायलेकींचं हसणं ऐकू येत होतं. लेक कुठल्यातरी मुख्याध्यापकाची नक्कल करत होती, आणि बायको “पुरे गं, पोट दुखायला लागलं” म्हणत होती. मोतद्दाराला बरं वाटलं. तो दाराशी बूट काढायला वाकला, आणि वाकताना खाकरला.

आतलं हसणं बंद झालं. नळ बंद केल्यावर पाणी थांबतं, तसं. भांड्यांचा आवाज आला. तो आत गेला तेव्हा लेक ताटं मांडत होती आणि बायको खाली मान घालून वाढत होती.

“काय चाललं होतं?” त्यानं विचारलं.

“काही नाही, बाबा.”

“मग गप्प का झालात?”

लेकीनं आईकडे बघितलं. बायकोनं पळी भांड्यात ठेवली. “खाकरलात ना तुम्ही,” ती म्हणाली. आपण काही मोठं सांगतोय असं तिला वाटलं नव्हतं. भिंत पांढरी आहे, असं सांगावं तशी ती म्हणाली.

“म्हणून काय झालं?”

“काही नाही हो. ही लहान होती तेव्हापासून आहे ते. तुम्ही खाकरलात की आवाज बंद. आता सवयच पडली. बसा, जेवण गार होतंय.”

तो बसला. पहिला घास त्यानं तोंडात घातला आणि तो तिथेच राहिला. शेडमधलं दृश्य त्याच्या डोळ्यांपुढे आलं: घोडी, ताठ झालेले कान, उघडलेलं तोंड, आणि ज्या क्षणी काळजीनं आपला जीव वर-खाली होत असतो नेमका तो क्षण. नऊ वेळा. त्यानं एकेक वेळ आठवून बघितली. नऊही वेळा तो खाकरला होता. बादल्या त्याच्याकडे मायेनं बघत नव्हता. तो परवानगी मागत होता, आणि त्याला नाही म्हणून सांगितलं जात होतं.

“बरं नाही का वाटत?” बायकोनं विचारलं.

“घसा,” तो म्हणाला.

इथं त्यानं उठून ऑफिसात जायला हवं होतं. ऑफिस तीनशे पावलांवर होतं, बाई तिथेच बसल्या होत्या आणि हातात अजून दोन आठवडे होते. पण माणूस अशा वेळी सरळ चालत गेला असता तर निम्म्या गोष्टी घडल्याच नसत्या. जाऊन सांगायचं काय? की ज्या गोष्टीसाठी माझ्या खांद्यावर हात पडला, तीच या जनावराच्या मुळावर आलीय? आणि सांगितल्यावर बाई काय म्हणतील ते त्याला आधीच ऐकू येत होतं: काका, तुम्ही त्याच्यापासून लांब राहा. आज लांब, उद्या लांब, मग कायमचेच लांब. बादल्याच्या पुढ्यात दुसराच कुणीतरी बादली ठेवेल. त्याला ते सोसवेना. त्यानं मनाशी ठरवलं की खाकरणं बंद करायचं. खूणच नसली तर घोडा थांबेल कशाला?

त्यानं दुकानातून घशाच्या गोळ्या आणल्या. दहाव्या घोडीच्या वेळी एक गोळी गालात धरून, दात आवळून तो उभा राहिला. खाकरला नाही. बादल्याचे कान ताठ झाले, तोंड उघडलं, मान त्याच्याकडे वळली. मोतद्दार निश्चल. बादल्यानं वाट बघितली. मग स्वतःहूनच कान पाडले आणि मागे सरकला. अकराव्या घोडीच्या वेळी मोतद्दारानं तोंड दुसरीकडे फिरवलं. बादल्या त्याच्या पाठीकडे बघत राहिला. अकराव्या घोडीची मालकीण डॉक्टरला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, “याला खच्ची करून मोकळे व्हा ना.” आणखी दहा दिवस असेच गेले.

शेवटची घोडी यायच्या आदल्या दिवशी तो ऑफिसात गेला. या वेळी बाईंनी बसायला सांगितलं नाही. तो आपणहून बसला, आणि छडीपासून घशाच्या गोळ्यांपर्यंत सगळं सांगितलं. बाईंनी मध्ये एकदाही तोंड उघडलं नाही. त्यांच्या तोंडाचा विचार करता हे वाईट लक्षण होतं.

“कधी कळलं तुम्हाला?” त्यांनी शेवटी विचारलं.

“दोन आठवडे झाले.”

“दोन आठवडे,” बाई म्हणाल्या. त्यांनी ती तुटकी कडी उचलली आणि पुन्हा ठेवली. “आधी का नाही बोललात?”

“तो मग माझा राहिला नसता.”

यावर त्यांना बरंच काही बोलता आलं असतं. त्या म्हणाल्या, “उद्या दुपारी घोडी येतेय. दोरी पहिलवान धरेल. सकाळपासून तुम्ही त्याच्या समोर यायचं नाही. तुमचे कपडे नकोत, तुमचा वास नको. गेटाबाहेर जा, आणि मी निरोप पाठवल्याशिवाय आत येऊ नका. शब्द द्या मला.”

मोतद्दारानं शब्द दिला. आणि देताना तो खरा होता, हे कुणीही मानावं.

दुसऱ्या दिवशी तो गेटाबाहेरच्या दगडावर जाऊन बसला. सकाळी बादल्यानं दाणा खाल्ला नव्हता, बादली मात्र बराच वेळ आपटली होती. ते त्यानं खोलीतून ऐकलं होतं आणि कानांवर हात ठेवले होते. दुपारी घोडी घेऊन ट्रक आला. चालकानं त्याला हात केला. नंतर बराच वेळ काहीच ऐकू आलं नाही.

मग खिंकाळी आली.

चार वर्षं तो त्या घोड्याच्या अंगाला अंग लावून राहिला होता, आणि हा आवाज त्यानं कधी ऐकला नव्हता. भरदार, खोल, पोटातून आलेला, मध्ये कुठेही न अडकलेला. घशात कोंडून राहिलेलं सगळं एकदम बाहेर पडलं होतं. मोतद्दार उठून उभा राहिला. त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं आणि ते त्यानं पुसलं नाही. आवाज पुन्हा आला. आपल्याला तो असा कधी ऐकू आला नाही याचं कारण आपणच, हे कळूनसुद्धा त्याला आनंद झाला होता. इतका आनंद की आपण चालायला लागलोय हे त्याच्या लक्षात आलं नाही. गेट, गोदामाची भिंत, पाण्याची टाकी. शेडच्या मागच्या बाजूला फळ्यांची भिंत होती आणि दोन फळ्यांमध्ये बोटभर फट होती.

त्यानं डोळा लावला.

घोडी मधोमध उभी होती, शेपटी पट्टीत गुंडाळलेली. पहिलवानानं दोरी लांब सोडली होती. बादल्या तिच्याकडे मान ताठ करून आला, कुणाकडेही न बघता. आणि तो चढला. बाईंनी ओठ घट्ट मिटले होते, डॉक्टर घड्याळाकडे बघायचं विसरला होता. बादल्याचं अख्खं वजन मागच्या दोन पायांवर आलं, आणि मोतद्दाराची नजर, चार वर्षांच्या सवयीनं, डाव्या पायावर गेली. जमिनीवर रबराच्या चटया होत्या. डावा खूर दोन चटयांच्या जोडावर पडला होता. चटईची कड वर उचलली गेली होती आणि घोट्याजवळ, स्क्रू होते तिथे, पाय थरथरत होता.

घसरू देऊ नका.

तो खाकरला. दोनदा, कोरडं.

पुढचं एका श्वासात झालं. बादल्याचे कान पडले. तो होता तिथेच, अर्ध्यावर थांबला, पुतळ्यासारखा. पण अर्ध्यावर पुतळ्याला उभं राहता येत नाही. तो कुशीवर वळून घोडीवरून उतरला, सगळा भार डाव्या पायावर आला, चटई सरकली, आणि फांदी मोडल्यासारखा आवाज फळ्यांपलीकडे मोतद्दाराला स्पष्ट ऐकू आला. घोडी पुढे उधळली. पहिलवान कुणाचं तरी नाव घेऊन ओरडला. बादल्या जमिनीवर होता, पुढच्या पायांवर उठायचा प्रयत्न करत होता, आणि मागचा डावा पाय भलत्याच दिशेला लोंबत होता.

मोतद्दार दारातून आत आला तेव्हा बाईंनी एकदाच त्याच्याकडे बघितलं. मग त्या उधळलेल्या घोडीची दोरी धरायला वळल्या. पुढे कधी त्याबद्दल बोलल्या नाहीत.

डॉक्टर पेटी उघडून उभा होता. हा पाय आता जोडण्यापलीकडे होता, ते कुणी कुणाला सांगायची गरज नव्हती. पण बादल्या कुणाला जवळ येऊ देत नव्हता. डोळ्यांचा पांढरा भाग दिसत होता, तो मान आपटत होता, उठत होता, पडत होता, आणि प्रत्येक वेळी त्या पायाचं आणखी काहीतरी होत होतं. पहिलवान दोरी घेऊन दोनदा पुढे गेला आणि दोनदा भिंतीवर आदळला.

“मानेची शीर मिळायला हवी,” डॉक्टर म्हणाला. “तो क्षणभर तरी स्थिर राहायला हवा. नाहीतर हे असंच चालू राहील. काका, तुम्ही बघा. तुमचं ऐकेल.”

मोतद्दार त्याच्या डोक्याशी गुडघ्यांवर बसला. त्यानं गालाला हात लावला, कपाळाला लावला. “असू दे रे,” तो म्हणाला. “असू दे.” बादल्याला ते कळलं नाही. त्यानं मान झटकली, पुढचे खूर जमिनीवर घासले, आणि पुन्हा उठायला धडपडला. मोतद्दारानं त्याच्या अयाळीत बोटं घातली. काय करायला हवं ते त्याला ठाऊक होतं, आणि त्या शेडमध्ये ते दुसऱ्या कुणालाही करता येणार नव्हतं. त्याला वाटलं आपला घसा कुणीतरी कापून टाकावा. पाय पुन्हा एकदा जमिनीवर आपटला.

मोतद्दार दोनदा खाकरला.

बादल्या थांबला. अंगावरचा घाम वाहत होता, पोट भात्यासारखं चालत होतं, पण मान निश्चल झाली. कान खाली आले. त्यानं डोळा वळवून मोतद्दाराकडे बघितलं आणि वाट बघत राहिला, मोठ्या शर्यतीच्या आधी रिंगणात राहिला होता तसा. डॉक्टरनं शीर बोटानं दाबून शोधली आणि सुई घातली. मोतद्दारानं त्या डोळ्यावरून नजर काढली नाही. तेवढं तरी त्यानं केलं.

हळूहळू मान जड झाली आणि त्याच्या मांडीवर टेकली. डॉक्टरनं छातीला नळी लावून बराच वेळ ऐकलं, मग नळी गुंडाळून पेटीत ठेवली. त्याला छडीची गोष्ट कुणी सांगितली नव्हती. भिंतीमागून आलेला आवाज त्या गडबडीत त्यानं ऐकलाही नसेल. तो भला माणूस होता आणि अशा वेळी काहीतरी चांगलं बोलावं असं त्याला वाटलं.

“तुमचं फार ऐकायचा हो,” तो म्हणाला.

“हो,” मोतद्दार म्हणाला, आणि बादल्याच्या तोंडावरचा पट्टा सोडवायला खाली वाकला.